एकदाच विचारणारे सर

उकडलेल्या शेंगांचा वास ओल्या मातीसारखा असतो, असं सगळेच म्हणतात. मला तो तसा कधी वाटला नाही. मला त्यात आधी मीठ जाणवतं, मग तापलेलं स्टीलचं झाकण, आणि सर्वांत शेवटी, अगदी नाकाच्या मुळाशी, लोखंडाचा कीस. तो कीस शेंगांचा नव्हे, डबा उघडणाऱ्या बोटांचा. त्या बोटांनी वागळे इस्टेटीतल्या एका कारखान्यात वीसेक वर्षं साचे घडवले होते आणि पुढची तितकीच वर्षं फळ्यावर जर्मन लिहिलं होतं. खडू रोज धुऊन जाई. लोखंड राहिलं.

आजही कुठे तो वास आला की माझ्या तोंडून आधी ‘नको’ निघतं, आणि मग मी दचकून बघते, कोणी डबा बंद तर केला नाही ना.

आमची भाषासंस्था इस्टेटीतच होती, एका जुन्या गाळ्यांच्या इमारतीत, दुसऱ्या मजल्यावर. खाली प्रेस मशीन चाले. तिचा घाव पडला की आमच्या कपातल्या चहावर एक बारीक वर्तुळ उमटे आणि विरून जाई. मी तिथे ठाण्यात नव्याने राहायला आलेल्यांना मराठी शिकवायला लागले. कोणी नर्स, कोणी बँकेत, कोणी घोडबंदरच्या नव्या इमारतींत राहणारे संगणकवाले. सर जर्मन शिकवत. पहिल्याच दुपारी त्यांनी डबा माझ्यासमोर धरला.

“शेंगा?”

“नको, नको. असू द्या.”

खट्. झाकण लागलं. वरची कडीसुद्धा लागली. आणि समोर बसून, खिडकीबाहेर बघत, ते एकटेच सोलून खाऊ लागले.

माझं माहेर टेंभी नाक्यामागच्या एका गल्लीत. आमच्या घरात ‘नको’ ही जिन्याची पहिली पायरी होती. तिच्यावर कोणी थांबत नसे. पाहुणा ‘नको’ म्हणे, आई ‘असं कसं’ म्हणे. पाहुणा ‘अहो खरंच, आत्ताच झाला’ म्हणे, आई ‘माझ्या समाधानासाठी’ म्हणे. मग पाहुणा हात किंचित पुढे करून म्हणे, ‘बरं, पण अर्धाच हं.’ कप येई तो काठोकाठ भरलेला, आणि पाहुणा तो पाहून ‘अहो, एवढा?’ असं हरखून म्हणे. मी लहानपणापासून कवितेच्या नादात वाढलेली. मला त्या संवादात छंद ऐकू येई. कुठे यती, कुठे दीर्घ, कुठे धृपदाशी परत येणं. आणि इथे एका माणसाने पहिल्याच अक्षरावर वही मिटली होती.

चिक्कू आहेत, असं मी ठरवलं. आठवड्याने, वळण नाही, असं ठरवलं. पुढे जे वाटू लागलं ते याहून वाईट होतं.

कारण सर दाराशी उभे राहत. माझा वर्ग चालू असला की दाराच्या फटीखाली एक सावली येई आणि हलत नसे. पायांत रबरी चपला, म्हणून चाहूल नाही. तास संपवून मी बाहेर आले की ते शेजारच्या सूचनाफलकावर काहीतरी वाचत असत, आणि फलकावर महिनोन्‌महिने एकच कागद होता. एकदा कचऱ्याच्या टोपलीतून त्यांना माझ्या विद्यार्थ्यांचे फाडलेले कागद काढून, मांडीवर सपाट करून वाचताना मी पाहिलं. चहा करणाऱ्या मंदाताई, मूळच्या बाळकुम गावातल्या, त्यांना तोंडावर ‘फौजदार’ म्हणत. सर त्यावर हसत नसत, रागावतही नसत. हुद्दा बरोबर आहे, अशा चेहऱ्याने कप घेत.

कुठलंही क्रमिक पुस्तक हाती आलं की सर आधी त्याच्या शिवणीचा वास घेत. मग कानामागची पेन्सिल काढून पहिलं पान उघडत आणि पुस्तकालाच विचारावं तसं विचारत, “हा धडा कोणाच्या घरात घडतो?”

मी नवशिक्यांसाठी आठ धड्यांची एक पुस्तिका लिहिली होती. ‘घरी या’ हे तिचं नाव. तिची प्रत त्यांच्या हाती लागली त्या दुपारची ही उलटतपासणी मला शब्दशः आठवते.

“बाई, तुमच्या तिसऱ्या धड्यात भाजीवाला आहे.”

“हो.”

“त्याला नाव नाही.”

“भाजीवाल्याचं नाव कोण विचारतं, सर?”

“म्हणजे तुम्ही विचारत नाही. बरं. तो चार वाक्यं बोलतो. दोन वाक्यांत भाव वाढवतो, तिसऱ्यात कांदा कमी देतो, चौथ्यात माफी मागतो. गिऱ्हाईक बाईंना मात्र नाव आहे, आडनाव आहे, आणि आडनाव तुमच्या गल्लीतलं आहे. साक्षीदार कुठे आहे?”

“कसला साक्षीदार?”

“कांदा कमी दिला, याला.”

मंदाताई खदखदून हसल्या. मी म्हणाले, तो गमतीचा धडा आहे, बाजारात असं चालतंच. सरांनी पेन्सिल परत कानामागे खोचली. “तुमच्या वर्गातल्या एकाचा भाऊ भाजीची गाडी लावतो. तुम्ही त्याला हा धडा मोठ्याने वाचायला लावलात तेव्हा मी दाराशी होतो. कांद्यापाशी तो थांबला. तुम्ही उच्चार सुधारलात.”

या वाक्यातलं ऐकण्यासारखं काय होतं ते मला आज कळतं. त्या वेळी मला एवढंच ऐकू आलं, की मी दाराशी होतो.

स्वतःच्या पुस्तकांवरही त्यांचा विश्वास नव्हता, हे न्यायाने सांगायला हवं. त्यांच्या जर्मन पुस्तकात एक परदेशी माणूस होता. तो पहिल्या धड्यापासून रस्ता विचारत असे. स्टेशन कुठे, टपाल कुठे, डॉक्टर कुठे. “बारावा धडा आला,” सर चिडून म्हणत, “याला अजून काहीच माहीत नाही? याला कधी कोणी काही विचारणार की नाही?” मग त्यांनी वर्गाकडून उलटा धडा लिहून घेतला: एक जर्मन बाई ठाणे स्टेशनाबाहेर हरवली आहे आणि आपली मुलं तिला वागळे इस्टेटीचा रस्ता सांगत आहेत. पहिले तीन रिक्षावाले मान हलवतील, त्यांच्यावर रागावू नका, चौथ्याला पत्ता सांगायच्या आधी बसून घ्या, अशी सूचना शुद्ध जर्मनमध्ये सबंध वर्ग एका सुरात म्हणे. भिंतीपलीकडे मला त्यातला एक शब्द कळत नसे, पण हशा कुठे आहे ते कळे.

त्यांच्या वर्गाचा पहिला तास मी एकदा पाहिला. बाहेर उभी राहून. मी फलक वाचत होते. सर बाकांमधून डबा घेऊन फिरत होते. प्रत्येकापुढे डबा धरायचा, जर्मनमध्ये एक शब्द विचारायचा. समोरून लाजरं हसू आणि ‘नाइन, डांके’, म्हणजे ‘नको, आभार’, आलं की पुढच्या बाकाकडे. कोणी मान वर करून, आता पुन्हा विचारतील, या आशेने बघत राही. सर पुढे गेलेले असत. सबंध वर्गात तिघांनी ‘या’, म्हणजे ‘हो’, म्हटलं. बाकीच्यांसमोर खुर्चीवर बसून सरांनी उरलेल्या सगळ्या शेंगा खाल्ल्या. सालांचा ढीग झाला. मग म्हणाले, “उद्यापासून भूक लागली असेल तर हो म्हणायचं. तिकडे दुसऱ्यांदा विचारत नाहीत. विचारत नाहीत म्हणजे तुम्ही त्यांना नकोसे झालात, असं समजून खोलीवर जाऊन रडायचं नाही.”

कारखान्याने त्यांना तरुणपणी नव्या यंत्रांचं काम शिकायला जर्मनीत धाडलं होतं. तिथल्या पहिल्या संध्याकाळी यजमानांनी जेवायचं विचारलं, यांनी रीतीप्रमाणे ‘नको’ म्हटलं, आणि ताट उचललं गेलं. सर हे दर वर्षी सांगत. एका वर्षी ताटात बटाटे असत, दुसऱ्या वर्षी सूप, एकदा तर नुसता पाव. मला तेव्हा वाटे, ही सगळी बनावट आहे. आता वाटतं, भुकेल्या माणसाला ताट नीट दिसलं नसेल.

तास संपल्यावर मी त्यांना गाठलं. “सर, आग्रह हा आपल्याकडचा जिव्हाळा आहे. तो तुम्ही मुलांच्या जिभेवरून खरवडून काढता आहात.”

“आपल्याकडचा म्हणजे कोणाकडचा?”

“मराठी माणसाचा.”

सर बराच वेळ डबा पुसत राहिले. “बाई, ज्याला आत बोलावतात त्याला आग्रह. ज्याला पायरीवर थांबवून वरून पाणी ओततात, त्याला तीनदा कोण विचारतं? तोही मराठीच असतो.” हे त्यांनी इतक्या कोरड्या आवाजात सांगितलं, की ते ऐकीव आहे की अनुभवाचं, हे विचारायची मला हिंमत झाली नाही. मी त्यांचं आडनाव मनातल्या मनात पुन्हा उच्चारून पाहिलं. ही माझी संशयाची रीत होती. मी ती लपवत नाही.

त्या वर्षी माझ्या वर्गात सुषमा होती. झारखंडच्या सिमडेगा भागातली, ठाण्यातल्या एका खासगी रुग्णालयात नर्स, बाळकुमला आणखी तिघींबरोबर एका खोलीत राहणारी. रुग्णालयाची अट अशी, की बोलत्या मराठीचं आमचं प्रमाणपत्र महिनाअखेरपर्यंत आणलं तर नोकरी कायम, नाही तर सहा महिने संपले, नमस्कार. तिची धाकटी बहीणही नर्सिंगच्या शिक्षणासाठी ठाण्याला यायला निघाली होती. सुषमा परतली तर तिचं येणंही राहणार होतं. हे सगळं मला माहीत होतं. तिचं मराठी वॉर्डात घडलेलं होतं. “आजी, हळू उठा. चक्कर येते का? माझा हात धरा.” या वाक्यांना तिच्या तोंडी अशी ऊब असे, की माझ्या पुस्तिकेतली वाक्यं त्यांच्याशेजारी कपाटात ठेवलेल्या शोभेच्या कपांसारखी वाटत. मला ती आवडत असे. तरी मी तिला नापास केलं.

माझा सातवा धडा ‘पाहुणा’ हा होता, आणि तोंडी परीक्षेत त्यावर दहा गुण होते. मी यजमान, विद्यार्थी पाहुणा. मंदाताई खराखुरा चहा घेऊन येत. गुणांचा तक्ता मीच आखला होता: पहिला नकार, दुसरा नकार, आग्रहानंतर थोडक्याचा स्वीकार, शेवटी कौतुक. आईच्या दिवाणखान्यातला तो सगळा छंद मी रकान्यांत बसवला होता आणि वर लिहिलं होतं, ‘महाराष्ट्रातील शिष्टाचार’. प्रत्येक भागात वेगळं उत्तीर्ण व्हायचं, हा नियमही माझाच. दुसरे परीक्षक सर होते.

“या, बसा. चहा घेणार ना?” मी म्हणाले.

“हो, घेते,” सुषमा म्हणाली. दोन्ही हातांनी कप घेतला, एक घोट घेतला, डोळे मिटले. “छान झालाय. आलं चांगलं आहे.”

मंदाताईंचा चेहरा उजळला. मी पेन उचललं. पहिला नकार, शून्य. दुसरा, शून्य. स्वीकार, शून्य, कारण आग्रहच झाला नव्हता. कौतुकाचे तीन. दहापैकी तीन, आणि उत्तीर्ण व्हायला चार लागत. शेजारी सरांनी एक आडवी रेघ मारून दहा लिहिले.

ती बाहेर गेल्यावर मी म्हणाले, “सर, तिने एकदाही नको म्हटलं नाही.”

“ड्यूटी करून आली होती. तहान लागली होती तिला.”

“ही परीक्षा तहानेची नाही.”

“मग चहा खरा कशाला आणलात?”

मंदाताई कप उचलता उचलता म्हणाल्या, “मॅडम, आमच्या गावात पन एकदाच विचारतात. पायजे तर घ्या, नाय तर राहू द्या. मग मी पन नापास काय?”

मी हसले नाही. सरांनी नापासाच्या कागदावर सही करायला नकार दिला होता, आणि माझ्या डोक्यात वेगळंच चक्र फिरू लागलं होतं. परीक्षेच्या आठवडाभर आधी, जिन्याच्या खिडकीतून मी एक गोष्ट पाहिली होती. फाटकाशी सुषमाने सरांना वर्तमानपत्रात गुंडाळलेलं पुडकं दिलं. सरांनी ते तत्काळ घेतलं. ‘कशाला, अगं’ नाही, ‘राहू दे’ नाही. हात पुढे केला आणि पिशवीत टाकलं. असं एका झटक्यात कोण घेतं? मी स्वतःशी म्हटलं, ज्याला ते येणार हे आधीपासून ठाऊक आहे, तोच.

त्याच संध्याकाळी मी तक्रार लिहिली. वाक्यं सुरेख झाली होती. ‘परीक्षकाच्या निःपक्षपातीपणाविषयी शंका घेण्यास जागा आहे’ या वाक्याचा तोल मी दोनदा मोठ्याने वाचून तपासला होता, हे आठवलं की आजही अंगावर काटा येतो.

संस्थाचालक भल्या स्वभावाचे पण कटकटीला घाबरणारे गृहस्थ. त्यांनी दोघांना बोलावलं.

“सर, विद्यार्थिनीकडून पुडकं घेतलंत?”

“घेतलं.”

“काय होतं त्यात?”

सरांनी माझ्याकडे पाहिलं. पुस्तकाच्या शिवणीकडे बघत तसं. “बाईंना विचारा.”

“मला कसं माहीत असणार?” मी ताडकन म्हणाले. सरांच्या या उत्तराला उद्धटपणा म्हणतात, असं मला वाटलं. संस्थाचालकांनी घाम पुसत मधला मार्ग काढला: सरांनी परीक्षेपासून दूर राहायचं, आणि शुक्रवारी सुषमाची फेरपरीक्षा ते स्वतः आणि मी घेणार.

शुक्रवारी मी लवकर पोहोचले. कोपऱ्यातल्या रिकाम्या वर्गाचं दार लोटलेलं होतं आणि आतून सरांचा आवाज येत होता. मी थांबले. काही वेळाने माझ्या लक्षात आलं, की मी सँडल काढून हातात घेतले आहेत.

“चहा घेणार ना?” सर विचारत होते.

“नको, सर.”

“सर नाही. नुसतं नको. आणि थोडं हसून.”

“नको.”

“असं कसं. घ्या ना थोडासा.” त्यांचा आवाज लाकडी होता, परक्या भाषेतलं पाठ केलेलं वाक्य म्हणावं तसा. ते माझा सातवा धडा म्हणत होते, स्वल्पविरामासकट.

“खरंच नको. आत्ताच झाला.”

“अहो, माझ्या समाधानासाठी.”

“आता घेऊ?”

“आता अर्धा म्हणायचं.”

“पण मला पूर्ण पाहिजे असेल तर?”

“तरी अर्धाच म्हणायचं. पूर्णच येतो.”

सुषमा हसली. मग तिचा आवाज खाली आला. “सर, पण हे खोटं नाही का?”

खाली प्रेसचा घाव पडला. दुसरा पडला. सरांचं उत्तर येईपर्यंत मला खात्री होती की आता माझी खिल्ली उडणार.

“खोटं नाही. त्यांच्या घरचं आहे. कोणाच्या घरी गेलं की तिथलं शिकायचं. चल, परत पहिल्यापासून. चहा घेणार ना?”

आयुष्यभर एकदाच विचारणारा तो माणूस त्या दिवशी किती वेळा विचारत होता, कोण जाणे.

फेरपरीक्षेत सुषमाला दहापैकी दहा मिळाले. प्रत्येक नकार जागच्या जागी, हसू मोजून तेवढंच, ‘अर्धाच हं’ला मान किंचित तिरपी. संस्थाचालकांनी टेबलावर थाप मारली. मला मात्र ते ऐकताना आईचा आवाज तिच्याकडून काढून दुसऱ्या कोणाच्या गळ्यात बसवला आहे, आणि बसवणारी मी आहे, असं वाटत राहिलं.

शनिवारी सरांनी आपलं कपाट रिकामं केलं. निरोप नाही, भाषण नाही. टोपलीत शेंगांची सालं तेवढी होती.

सोमवारी सुषमा प्रमाणपत्र न्यायला आली. नोकरी वाचली होती, बहीण येणार होती. ती बोलत होती आणि मी सही करत होते. सही करतानाही माझा संशय जागाच होता. मी सहज विचारावं तसं विचारलं, “सुषमा, परीक्षेच्या आधी सरांना एक पुडकं दिलं होतंस ना? काय होतं गं त्यात?”

“अरसा, मॅडम. तांदूळ आणि गूळ. आईने घरून पाठवलेला. सगळ्यांसाठी दिला होता. तुम्हाला, मंदाताईंना.” ती थांबली. “सर बोलले, तुम्हाला पण विचारलं.”

“मला?”

“हो. तुम्ही नको बोललात.” तिने प्रमाणपत्राची घडी घातली, पुन्हा उलगडली. “मला वाटलं, तुम्ही आमच्या हातचं खात नाही.”

आणि मग मला तो वास आठवला. एका दुपारी डब्यातून मीठ आणि लोखंड न येता गूळ आला होता, तळलेला, थोडा करपलेला. मी पेपर तपासत होते. “अरसा?” सरांनी विचारलं होतं. त्यांनी दुकानातून अनारसे आणले असावेत, एवढंच माझ्या मनात उमटलं. मान वर न करता मी म्हटलं, नको. खट्. ज्या पुराव्यावर मी तक्रार लिहिली, तो पुरावा माझ्या नाकाखाली उघडला गेला होता, आणि माझ्याच शब्दाने बंद झाला होता.

मी तिला सांगू लागले, अगं, तसं नाही, ते आमचं नुसतं पहिलं नको असतं. बोलता बोलता माझाच आवाज मला संशयास्पद वाटू लागला. सरांनी तीनदा विचारलं असतं, आणि हा कोणाच्या घरचा आहे हेही सांगितलं असतं, तर मी काय केलं असतं? हात पुढे केला असता? की ‘आत्ताच जेवले’ म्हणून जास्तच गोड हसले असते? माझ्या पुस्तिकेत आठ धडे होते आणि आठही धड्यांत मिळून एकही पाहुणा सुषमाच्या गावाकडचा नव्हता. अशी कोणी दारात उभी राहील, हे माझ्या कल्पनेतही आलेलं नव्हतं. या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही. इतक्या दिवसांनीही नाही.

“बरं, मॅडम,” सुषमा म्हणाली, आणि हसली. ते सातव्या धड्यातलं हसू होतं, मोजून तेवढं.

त्याच आठवड्यात मी तक्रार मागे घेतल्याचं पत्र लिहिलं. या वेळी वाक्यं चांगली झाली नाहीत. एक प्रत संस्थाचालकांना दिली, दुसरी घेऊन डोंबिवलीला गेले. सर पूर्वेला एका जुन्या इमारतीत एकटे राहत. दार उघडं होतं, शेगडीवर शेंगा उकडत होत्या, जर्मन शिकणाऱ्यांसाठी सतरंज्या गुंडाळून भिंतीला टेकवून ठेवलेल्या होत्या. मी पत्र पुढे केलं. सरांनी ते लगेच घेतलं, आधी त्याचा वास घेतला, मग वाचलं.

“पुडक्यात खाऊ होता आणि तो सर्वांना वाटला गेला, असं लिहिलंत. साक्षीदार?”

“मी. डबा माझ्यासमोर उघडला होता.”

त्यांनी मान हलवली. पत्राची घडी करून एका व्याकरणाच्या पुस्तकात ठेवली. माफ केलं की नाही, ते चेहऱ्यावरून कळेना. त्यांच्या चेहऱ्यावरून कधीच काही कळत नसे.

“तेव्हाच सांगायचं होतंत, सर. संस्थाचालकांसमोर.”

“तुम्हाला विचारा म्हटलं होतं. तुम्ही स्वतःला विचारलं नाहीत.”

शेगडीवर पाणी खदखदत होतं. मी सांगितलं, सातवा धडा मी काढून टाकला आहे. हे ऐकून मात्र ते चिडले. “काढलात कशाला? चांगला धडा आहे. चाल आहे त्याला. वर ‘महाराष्ट्रातील’ लिहिलं होतंत, ते खोडा. तुमच्या आईचं नाव लिहा. शेजारी मंदाताईंच्या घरचा धडा घाला. सुषमाच्या आईचा घाला. मग शिकवा.”

“संस्थेत परत या ना, सर. संस्थाचालकांनी फोन केला असेल.”

“केला. परत येणार का, विचारलं. मी म्हटलं, नको.”

“मग?”

“मग त्यांनी फोन ठेवला.” सर खिडकीबाहेर बघत राहिले. “बरोबरच आहे. माझंच शिकवणं आहे.” त्यांच्या ओठांच्या कडेला काहीतरी हललं, ते हसू होतं की दुसरं काही, याचीही मला आजवर खात्री नाही.

मी उठायला लागले, तसे तेही उठले.

“चहा?”

एकदाच. शब्द हवेत टाकून ते स्वयंपाकघराकडे वळलेदेखील. माझ्या जिभेच्या टोकावर आई येऊन उभी राहिली, पहिल्या पायरीवर, पदर सावरत. टाळूला जीभ लागली होती. मी ती सोडवली.

“हो. घेते.”

सर दारातच थांबले. हळूच मागे वळले. कानामागच्या पेन्सिलीकडे त्यांचा हात गेला, डोळे बारीक झाले, आणि एखाद्या नव्या पुस्तकाच्या पहिल्या पानाकडे बघावं तसं माझ्याकडे बघत त्यांनी विचारलं,

“अर्धा?”